सव्वाची रिंग

ती : हॅलो. अहो, श्वास ऐकू येतोय तुमचा. बोला की.

काका : उचललात तुम्ही.

ती : वाजत होता म्हणून उचलला. फोनचं दुसरं काय करतात?

काका : चुकून लागला. माफ करा. ठेवतो.

ती : ठेवू नका. चुकून रोज लागतो का? या फोनवर नव्याण्णव मिस्ड कॉल दिसतायत, आणि नव्याण्णवच का, तर त्याच्यापुढे याला मोजता येत नाही. सगळे एकाच नंबरवरून. सगळे दुपारी सव्वाला.

काका : सर्व्हर रूममध्ये रविवारी कोणी नसतं.

ती : आज आहे. आणि ही सर्व्हर रूम आहे हेही तुम्हाला पाठ आहे. मग चुकून कसा लागला?

काका : तुम्ही कोण, ते तरी सांगाल?

ती : मी बाहेरच्या कंपनीची. इथल्या स्विचचं फर्मवेअर बदलायला आलेय. म्हणजे टेबलाटेबलावर नेटवर्क पोचवणारे ते लोखंडी डबे असतात ना, त्यांच्या आतलं जुनं सॉफ्टवेअर काढून नवं घालायचं, आणि मग...

काका : फर्मवेअर म्हणजे काय ते मला माहीत आहे. नऊपैकी किती झाले?

ती : आठ झाले, एक... थांबा. नऊ आहेत हे मी कुठे सांगितलं?

काका : नाही सांगितलंत.

ती : तुम्ही इथेच होतात, काका.

काका : सव्वीस वर्षं. दोन वर्षांपूर्वी रिटायर झालो. झालं समाधान? ठेवू आता?

ती : अजिबात नाही. सकाळी सातपासून मी इथे एकटी आहे. एसी हाडात शिरलाय, स्वेटर हॉटेलवर राहिलाय, आणि या थंडीतसुद्धा सात नंबरच्या स्विचनं मला घाम फोडलाय. मला तुमच्याशीच बोलायचं होतं. फक्त तुम्ही कोण, ते ठाऊक नव्हतं.

काका : सात नंबरला काय झालंय?

ती : ते तुम्हीच सांगा. माझ्या मांडीवर इथलं रजिस्टर आहे. निळी पाठ, पहिल्या पानावर लाल शाईत 'पेन जागेवर ठेवावे.'

काका : ठेवतात का अजून?

ती : दोरीनं बांधलंय बिचाऱ्याला, जाणार कुठे. तर या रजिस्टरमध्ये सात नंबरपुढे तीनदा लिहिलंय, 'फर्मवेअर अपडेट केले. रीस्टार्ट केला. ठीक.' खाली सही. बरं. मग मी स्विचलाच विचारलं, बाबा रे, तू शेवटचा बंद कधी झाला होतास? तो म्हणतो, दोन हजार दोनशे तेरा दिवसांपूर्वी. सहा वर्षं हा पठ्ठ्या झोपलेलाच नाही. रीस्टार्ट केल्याशिवाय फर्मवेअर बदलत नाही हे मी तुम्हाला काय सांगणार. मग दोघांपैकी खोटं कोण बोलतंय, रजिस्टर की स्विच?

काका : स्विच कशाला खोटं बोलेल.

ती : मलाही तसंच वाटलं.

काका : सही माझी आहे.

ती : असेल. वाचता येत नाहीये. दोरीवर लेंगा वाळत घातल्यासारखी दिसते.

काका : त्या सहीवर सव्वीस वर्षं या ऑफिसनं डोळे मिटून विश्वास ठेवला. थट्टा करा, पण रिपोर्टमध्ये नीट लिहा. 'आधीच्या माणसाने तीन खोट्या नोंदी केल्या.' तुमचं काम आहे ते.

ती : काय लिहायचं ते मी नंतर बघेन. आत्ता मी वेगळ्याच पेचात आहे. उद्या आठला लोक येतील, त्याआधी नऊच्या नऊ स्विच नव्यावर हवेत. आणि सात नंबर इतका मागे राहिलाय की त्याला नवं थेट घालता येत नाही. मध्ये एक पायरी लागते. ते मधलं व्हर्जन बनवणाऱ्यांनी केव्हाच साइटवरून काढून टाकलंय. सकाळपासून शोधतेय.

काका : थेट घालू नका. परत उठणार नाही तो.

ती : माहीत आहे. म्हणून तर हातावर हात ठेवून बसलेय.

काका : तुमच्या डाव्या हाताला लोखंडी कपाट आहे. उघडा.

ती : कुलूप आहे.

काका : वर हात फिरवा. मागच्या कोपऱ्यात चुंबक आहे, त्याला किल्ली.

ती : थांबा, खुर्चीवर चढते... अख्ख्या दोन वर्षांची धूळ आली डोक्यावर. मिळाली. आता?

काका : वरच्या कप्प्यात चष्म्याची केस.

ती : तपकिरी. हिच्यात पेनड्राइव्ह आहे. चिठ्ठीपण आहे. 'सात नंबर. आधी मधले घालावे, मग नवे. घाई करू नये.' काका, हे कधी ठेवलंत?

काका : शेवटच्या दिवशी. माझ्यामागे कोणीतरी येईल आणि त्याला हे लागेल, एवढी अक्कल होती. स्वतः करायची छाती नव्हती.

ती : एका रीस्टार्टला छाती कसली लागते? लावते आता पेनड्राइव्ह. हां, दिसली फाइल. कॉपी होतेय, पण रांगत रांगत. दहा मिनिटं म्हणतोय.

काका : पंधरा लागतील. तो दहा म्हणतो. पहिल्यापासून तसाच आहे.

ती : मग पंधरा मिनिटं बोला माझ्याशी. सकाळपासून एका जिवंत माणसाचा आवाज ऐकला नव्हता.

काका : खाली वॉचमन असेल की.

ती : आहे, जिन्यापाशी बसतो. त्यानं दार उघडलं, मी सही केली, संपलं. आमचं असंच असतं. लोक नसतात तेव्हा आम्ही जायचं. मी पाच वर्षांत शंभरेक ऑफिसं पाहिली असतील, सगळी रिकामी. खुर्चीवर कोणाचं जाकीट, टेबलावर कोणाच्या पोरांचे फोटो, अर्धी राहिलेली बिस्किटं. या लोकांना मी ओळखते म्हणा ना एक प्रकारे, आणि त्यांच्यातल्या एकालाही बघितलेलं नाही. सोमवारी ते येतात तेव्हा मी दुसऱ्या गावात.

काका : घरी कोण आहे?

ती : आई. तिचा रोज मेसेज येतो, पोचलीस का. मी अंगठा पाठवते.

काका : हं.

ती : हं काय? ओरडा ना, काका लोक ओरडतात अशा वेळी.

काका : मी कोणाला ओरडण्याच्या लायकीचा नाही. किती टक्के झालं?

ती : वीस. बरं, आता दुसरा प्रश्न. हा फोन सात नंबरच्या तेविसाव्या पोर्टवर आहे. म्हणजे स्विचला जी भोकं असतात वायर लावायची, त्यातल्या तेविसाव्यात याची वायर. त्या पोर्टला तुम्ही नाव दिलंय, 'हात लावू नये.' सेव्ह केलेली सेटिंग पाहिली तर तिथे पोर्ट तेवीस बंद आहे. आणि प्रत्यक्षात चालू. हा काय प्रकार आहे?

काका : मी गेलो त्या दिवशी माझा फोन बंद करायचा हुकूम होता. बंद केला, सेव्ह केलं, हेड ऑफिसला कागद पाठवला. मग जाता जाता परत चालू केला. सेव्ह नाही केलं.

ती : म्हणजे कागदावर बंद. चालू आहे तो फक्त स्विचच्या डोक्यात.

काका : डोक्यातच. लिहून कुठेही नाही. तो जागा आहे तोवर त्याला आठवतंय. एकदा बंद झाला की उठल्यावर विसरला.

ती : आणि मी त्याला आता बंद करणार.

काका : करायलाच हवं. सहा वर्षं जुनं फर्मवेअर ठेवून चालत नाही. बाहेरचा कोणीही घुसेल आत. मी ते जाणूनबुजून तसंच ठेवलं, ही माझी चूक आहे, आणि लहान नाही.

ती : मग का ठेवलंत?

काका : किती टक्के?

ती : पस्तीस. टाळू नका.

काका : तुमचं काय जातंय हो त्यात?

ती : काही नाही जात. पण मी आज ज्याला बंद करणार आहे त्याला कोणीतरी सहा वर्षं जिवापाड जागं ठेवलंय. वीज गेली तरी याला चालू ठेवणारी बॅटरी खाली आहे ना, तिच्या डब्यावर तारखा बघितल्या मी. तुम्ही जाईपर्यंत दर आठ महिन्यांनी बदललेली, बाकी आठांची तीन तीन वर्षं तीच. कळू द्या ना, कशासाठी.

काका : हा फोन आमच्या हिच्यासाठी होता.

ती : काकूंसाठी?

काका : त्या खोलीत मोबाईलला रेंज येत नाही, तुम्हाला कळलंच असेल. मी दिवसभर तिथेच. मग ती रोज सव्वाला त्या फोनवर करायची. 'जेवलात का?' मी म्हणायचो, बसतोय. ती म्हणायची, बसा. आणि ठेवायची. एकोणीस वर्षं दुसरा विषय नाही. ऑफिसातले हसायचे मला.

ती : मग?

काका : एका शनिवारी फर्मवेअर करायला घेतलं. अर्धा दिवस, ऑफिस रिकामं. तुमच्यासारखाच एकटा होतो. एक एक करत सात नंबरला आलो तेव्हा सव्वाच वाजत होता. बटण दाबताना वाटलं, थांबावं, हिचा फोन होऊन जाऊ दे. मग म्हटलं, जेवलात का हेच विचारणार ना, उद्या विचारेल. दाबलं.

ती : हा फोन वीजसुद्धा स्विचमधूनच घेतो.

काका : हो. स्विच बंद, फोन बंद. अकरा मिनिटं. एक सव्वीसला तो उठला. मीच घरी फोन केला, म्हटलं, काय गं, आज विसरलीस? म्हणाली, 'केला होता, लागला नाही. काही नाही, सहज. जेवलात का?' मी म्हटलं, बसतोय. ती म्हणाली, बसा.

ती : बरं.

काका : सोमवारी कळलं. शनिवारी सकाळी तिचा तपासणीचा रिपोर्ट आला होता. लिफाफा तिनं एकटीनंच फोडला होता. नंतर मी घरच्या फोनवर लावलेले नंबर पाहिले. एक पंधरा. एक सतरा. एक वीस. एक चोवीस. चार वेळा. रोज एकदा करणारी बाई चार वेळा करते, म्हणजे तिला सांगायचं होतं. एक सव्वीसला मी केला, तोवर तिनं स्वतःला आवरलं होतं. मग शनिवार रात्र, रविवार, ती ते एकटीच घेऊन बसली. माझ्यासमोर जेवली, कपड्यांच्या घड्या केल्या, माझा शर्ट उसवला होता तो शिवला. मी समोर बसून वर्तमानपत्र वाचत होतो.

ती : काका.

काका : डॉक्टर म्हणाले, दोन दिवसांनी उपचारात काही फरक पडला नाही. नसेल पडला. मी उपचारांबद्दल बोलतच नाहीये.

ती : कळतंय मला.

काका : पुढच्या वर्षी ती गेली. त्यानंतर सात नंबर मला कधी बंद करताच आला नाही. तारीख यायची, बाकी आठ करायचो, सातपाशी हात जायचा आणि परत यायचा. मग रजिस्टर ओढायचो आणि लिहायचो, केले. ठीक.

ती : आणि आता रोज फोन कोणाला करता? इथे उचलायला कोणी नाही हे तुम्हाला माहीत आहे.

काका : उचलण्यासाठी करतच नाही. खिडकीपाशी तिची खुर्ची आहे, बाजूच्या स्टुलावर फोन. तिथे बसतो आणि ती लावायची तसा नंबर लावतो. मी कायम त्या टोकाला होतो ना. मला नुसती घंटी वाजलेली माहीत. या टोकाला बसून तिला काय ऐकू यायचं, ते कधी ऐकलंच नव्हतं. दहा वेळा वाजू देतो, मग ठेवतो.

ती : आणि आज तिसऱ्या रिंगला मी उचलला.

काका : मीही तिसऱ्यालाच उचलायचो. शिडीवरून उतरायला तेवढा वेळ लागायचा. म्हणून आज तोंडातून शब्द फुटेना.

ती : मी मघाशी लेंगा म्हटलं तुमच्या सहीला.

काका : ते बरोबर आहे. ही पण तेच म्हणायची, वेगळ्या शब्दांत. किती झालं?

ती : झालं. शंभर. केव्हाच झालंय.

काका : मग कशाची वाट बघताय?

ती : बटण दाबलं की हा फोन बंद पडेल.

काका : पडेल. आधी मधलं, मग नवं. दोनदा उठबस. बावीस-तेवीस मिनिटं धरा. मध्ये दिवा केशरी झाला की घाबरू नका आणि वायर ओढू नका.

ती : आणि उठल्यावर?

काका : उठल्यावर पोर्ट तेवीस बंद असेल, कागदावर आहे तसा. असू द्या. ज्या पोर्टला वापरणारा नाही तो बंद ठेवायचा, हा नियम मीच लिहिला होता.

ती : मग उद्या सव्वाला तुम्ही काय कराल?

काका : उद्याचं उद्या. दाबा.

ती : थोडं थांबले असते मी, काही घाई नाही...

काका : मीही त्या दिवशी थांबू शकत होतो. तुम्ही थांबून ते परत येणार नाही. दाबा, पोरी.

ती : दाबते.

(फोन बंद पडतो. सर्व्हर रूमचं दार वाजतं.)

वॉचमन : बाई, येऊ का आत?

ती : या. डोळ्यांत धूळ गेलीय जरा, बाकी काही नाही.

वॉचमन : नाही, म्हणजे कसं, मघाशी घंटा वाजली आणि मध्येच बंद झाली. तुम्ही काही केलंत का?

ती : कुठली घंटा?

वॉचमन : ही काय, टेबलावरची. रोज दहा वेळा वाजते. आज तीनदाच वाजली. म्हटलं, आज जेवणाची सुट्टी रद्द झाली की काय.

ती : तुम्हाला ऐकू येते ती बाहेर?

वॉचमन : जिन्यापर्यंत स्वच्छ. दारातनं येतो आवाज. म्हणजे कसं, आमचे मोबाईल ड्युटीवर गेटलाच जमा करून घेतात. घड्याळ माझं पोरीला दिलं, तिची परीक्षा होती. मी इथे नवीन आलो ना, दीड वर्षापूर्वी, तर आधीच्या वॉचमननं चार गोष्टी सांगितल्या. पाण्याचा नळ इथे, किल्ल्या इथे, तळमजल्याचा दिवा रात्री चालू ठेवायचा, आणि आत घंटा वाजली की जेवायला बसायचं.

ती : त्यांना कोणी सांगितलं होतं?

वॉचमन : कोण सांगणार. वाजायचीच की रोज. मला वाटलं ऑफिसनं आमच्यासाठी लावलीय. मी बायकोला कौतुकानं सांगितलं, आमच्याकडे वॉचमनलासुद्धा जेवणाची घंटा आहे. ती म्हणाली, बरं आहे, नाहीतर तुम्ही चारला जेवता.

ती : आज जेवलात?

वॉचमन : नाही ना. डबा मांडीवर घेऊन बसलोय, सात रिंगा राहिल्यात म्हणून. परत वाजेल म्हटलं. काय झालंय, बिघडलीय का?

ती : ती घंटा नाही, मामा. तो फोन आहे. एक काका करतात घरून, रोज.

वॉचमन : फोन? कोणाला?

ती : कोणालाच नाही. ते इथे कामाला होते. त्यांना वाटतं रिकाम्या खोलीत वाजतो.

वॉचमन : अरेच्चा. आणि आम्ही इकडे जेवतोय त्यावर.

ती : मामा, तुमच्या जागेवर फोन नाही ना?

वॉचमन : कुठला फोन. काही झालं तर शिट्टी मारायची.

ती : तुम्हाला फोन हवा आहे का, ते मला सांगा. हा. रजिस्टरमध्ये तुमच्या नावावर. रोज वाजेल. वाटलं तर उचला, नाही वाटलं तर नका उचलू.

वॉचमन : उचलला तर बोलायचं काय?

ती : ते तुमचं तुम्ही ठरवा. बसा जरा. केशरी दिवा लागलाय, आता हात लावायचा नाही.

(काही वेळानं काकांच्या घरी फोन वाजतो.)

काका : हॅलो.

ती : पहिल्याच रिंगला उचललात.

काका : बसलोच होतो. कुठून बोलताय?

ती : तुम्हाला काय वाटतं?

काका : नंबर तर तोच दिसतोय. पण तो बंद असायला हवा.

ती : होता. स्विच उठला, नव्या फर्मवेअरवर, एकदम ठणठणीत. किती मिनिटं लागली सांगा.

काका : चोवीस. मी घड्याळासमोर होतो. पोर्ट तेवीस तुम्ही उघडलात का?

ती : उघडला. आणि सेव्हही केला, काका. आता तो कितीही वेळा झोपला-उठला तरी विसरणार नाही. 'हात लावू नये' काढून टाकलं. 'जिना, वॉचमन' असं नाव दिलं.

काका : हे नियमात कसं बसतं? वापरणारा कोण?

ती : इथला वॉचमन. त्याच्याकडे फोन नाही, शिट्टी आहे. आणि वापरणारा तो दीड वर्षापासून आहेच.

काका : मला समजलं नाही.

ती : तुमची रिंग जिन्यापर्यंत ऐकू जाते. गेटवर त्याचा मोबाईल काढून घेतात, हातात घड्याळ नाही. तुम्ही सव्वाला फोन करता, तो वाजतो, आणि वॉचमन डबा उघडतो. त्याच्या आधीचाही असाच उघडायचा. त्याला वाटत होतं ही जेवणाची घंटा आहे.

काका : डबा? माझ्या रिंगवर?

ती : आज मी मध्येच उचलला, म्हणून बिचारा अजून उपाशी आहे.

काका : रोज?

ती : रोज. तुम्ही रोज केलात ना, तितके दिवस.

काका : मी तर रिकाम्या खोलीत...

ती : नव्हती ती रिकामी. निदान पूर्ण तरी नव्हती.

काका : रजिस्टरमध्ये काय लिहिलंत?

ती : वाचते. 'सात नंबर : आधीच्या तीन नोंदी खऱ्या नाहीत, हा स्विच सहा वर्षे अपडेट झालेला नव्हता. लागणारे मधले व्हर्जन आणि सूचना आधीच्या माणसाने जपून ठेवल्या होत्या, फोनवर मार्गदर्शनही केले. त्यामुळे आज काम झाले. ठीक.' नाव लिहिलेलं नाही. सही वाचता आली नाही, हे खरंच आहे.

काका : चालेल. आहे ते लिहिलंत. पेन जागेवर ठेवा.

ती : ठेवते. आता मी आवरते. संध्याकाळी दुसऱ्या गावची गाडी आहे, उद्या तिथे सुट्टी असलेलं ऑफिस. त्याआधी बाहेर रेंजमध्ये जाऊन आईला फोन करते. मेसेज नाही, फोन.

काका : तिला घाबरवू नका. एकदम फोन आला की आया घाबरतात.

ती : आधीच सांगेन, काही नाही, सहज... नाही. सहज म्हणणार नाही. काय ते सांगेन. काका, हे मामा इथेच उभे आहेत. त्यांना देते हं.

काका : अहो, पण मी काय बोलू त्यांच्याशी?

ती : तेही मघाशी मला हेच विचारत होते. घ्या, मामा. हे इकडे कानाला.

वॉचमन : हॅलो. साहेब, नमस्कार. मी वॉचमन बोलतोय, जिन्यापाशी असतो तो.

काका : नमस्कार. आज माझ्यामुळे तुमची जेवणाची वेळ चुकली.

वॉचमन : नाही हो, त्यात काय. म्हणजे कसं, तुम्ही उद्या करणार ना पण? सव्वाला?

काका : करीन.

वॉचमन : मग मी उचलत जाईन. तुम्ही दहा रिंगा कशाला मोजता. तिथून उठून येईपर्यंत तीन-चार होतील तेवढ्याच.

काका : तीन पुरे.

वॉचमन : बरं. ठेवू मग? डबा गार झालाय. तुम्ही जेवलात का, साहेब?

काका : ... नाही. बसतोय.

वॉचमन : बसा.